बाजूच्या खोलीतून आलेला अंगठा

«मावशी, नमस्कार. माझं वय ३३, जळगावला एका शाळेत शिकवते, सकाळची शाळा. लग्नाला सहा वर्षं झाली. आधी आम्ही पुण्याला वाकडला होतो, २०२१ मध्ये ह्यांचं वर्क फ्रॉम होम कायमचं झालं म्हणून इकडे फ्लॅट घेतला. ह्यांची शिफ्ट अमेरिकेच्या टायमाची. संध्याकाळी पाचला मागच्या खोलीत बसतात, दार बंद, कानाला हेडफोन, ते रात्री दोनपर्यंत. सगळे म्हणतात नशीबवान आहेस, नवरा चोवीस तास घरी. पीत नाहीत, अंगावर हात टाकत नाहीत, पैशाला कधी नाही म्हणत नाहीत. पण आठ महिने झाले जवळ आलेले नाहीत. जेवायला बोलवायला मी व्हॉट्सॲप करते आणि बाजूच्या खोलीतून अंगठा येतो. कॉलेजचा एक मित्र नाशिकला असतो, रात्री त्याच्याशी चॅट होतं, तसलं काही नाही, तो फक्त विचारतो आज काय केलंस. पण मी त्या मेसेजची वाट बघते, हे खरं आहे. हे चुकीचं आहे का? माझ्यात काही कमी आहे का? आई म्हणते मूल होऊ दे, सगळं जागेवर येईल. आणि हे पत्र ह्यांना दाखवू का? — नाव नको, जळगाव»

अगं, आधी त्या अंगठ्याचंच बोलू. तू ते एका ओळीत लिहून पुढे गेलीस, पण मी तिथेच अडकले. अंगठ्याला पुढे काही बोलता येत नाही. तो 'येतो' म्हणाला असता तर तू 'लवकर या, भाकरी गार होतेय' म्हणाली असतीस, 'नको, भूक नाही' म्हणाला असता तर निदान भांडता तरी आलं असतं, का नाही भूक, दुपारी काय खाल्लं, परत ते वेफर्सच ना. अंगठा आला की बोलणं तिथे संपलं. त्याने उत्तर दिलं असं त्याला वाटतं आणि तुला उत्तर मिळालेलंच नसतं, दोघंही आपापल्या जागी बरोबर आणि मधे एक भिंत, ती पण चार इंची.

तुझ्यात कमी काही नाही. हा प्रश्न मला येणाऱ्या पत्रांमधे बायका विचारतातच, आणि पुरुष कधी विचारत नाहीत, ते विचारतात 'तिला काय झालंय'. सोड तो प्रश्न. आणि लाज तर अजिबात नको, इंग्लंडने २०१८ साली एकटेपणाचं काम बघायला मंत्री नेमला, जपानने २०२१ ला नेमला, जागतिक आरोग्य संघटनेने २०२३ मध्ये यासाठी अख्खा आयोग बसवला. म्हणजे हे तुझ्या जळगावच्या फ्लॅटमधलं एकटीचं खूळ नाहीये. आपल्याकडे ते खातं अजून तरी आई, सासू आणि समोरच्या काकूंकडे आहे, आणि तिन्ही टेबलांवर एकच उत्तर मिळतं, मूल होऊ दे. तुझ्या आईचा राग करू नको, तिच्या घरात दिवसाला पंधरा माणसं जेवायची, तिला एकटेपणा म्हणजे काय ते ठाऊकच नाही, तिला हवा होता तो एकांत. पण त्या बाळाला जन्माआधीच ड्युटी लावू नको. मूल हवं असेल तर मुलासाठी होऊ दे.

आता माझं थोडं सांगते, कारण चोवीस तास घरातला नवरा काय असतो ते मला ठाऊक आहे.

मी भुसावळची. आमचे हे रेल्वेत ड्रायव्हर, हल्ली लोको पायलट म्हणतात. १९८४ ला लग्न झालं आणि पहिल्याच महिन्यात मला कळलं की आपण माणसाशी नाही, ड्युटी-चार्टशी लग्न केलंय. रात्री दोनला ड्युटीचा निरोप घेऊन कॉल बॉय सायकलवर यायचा, कडी वाजवायचा, वहीत सही घ्यायचा, की मी उठून डबा भरायचा. मुक्काम कधी इगतपुरीच्या रनिंग रूमला, म्हणजे ड्रायव्हर लोकांच्या विश्रांतीच्या जागी, कधी खंडव्याच्या. घरी यायचे तेव्हा मी झोपलेली, मी उठायचे तेव्हा ते झोपलेले, मुलांना वडील म्हणजे कूलरसमोर पालथं पडलेलं काहीतरी असंच वाटायचं लहानपणी. पण स्वयंपाकघरात भिंतीवर एक कॅलेंडर होतं आणि आले की त्याच्या चौकोनात पेन्सिलीने काहीतरी लिहायचे. 'भाजी खारट. संपवली.' मी सकाळी खाली लिहायची, 'मग पाणी प्यायचं.' मे महिन्यात इगतपुरीहून डब्यात करवंदं यायची, भाजीचा वास लागलेली. एवढंच हो. आठवड्यात धड दोन तास एकमेकांसमोर नसायचो आणि मला एकटं वाटलेलं आठवत नाही. दमलेली असायचे, चिडलेली असायचे, एकटी नव्हते.

२०१६ ला रिटायर झाले. हार-तुरे, फोटो, घरी आले, खुर्चीत बसले आणि टीव्ही लावला. तो टीव्ही दोन वर्षं बंद झाला नाही. कॅलेंडरवर लिहायचं कारण उरलं नाही ना, माणूस समोर आहे! आणि त्या दोन वर्षांत मला जे एकटं वाटलं ते कुणाला सांगू, सांगितलं तर म्हणतील म्हातारपणी हिला काय थेरं सुचतात. माणूस लांब असला की आपण त्याला बातम्या साठवून ठेवतो. जवळ असला की वाटतं, दिसतंच आहे त्याला, काय सांगायचं.

मग एका मे महिन्यात रात्री लाईट गेली. आपल्याकडचा मे तुला सांगायला नको, भिंतीला हात लावला तर भाजतो. आम्ही दोघं गच्चीवर जाऊन बसलो, टीव्ही नाही, मोबाईल डिस्चार्ज. लांबून एक मालगाडी निघाली तिचा हॉर्न ऐकू आला आणि हे आपोआप म्हणाले, 'डबल यलो असंल.' मी विचारलं, म्हणजे काय. एवढ्या वर्षांत मी कधी विचारलंच नव्हतं गं! मग त्यांनी सांगितलं की डबल यलो म्हणजे सिग्नलचे दोन पिवळे दिवे, आणि इंजिनात दोघं असतात, ड्रायव्हर आणि असिस्टंट, आणि रात्रभर सिग्नल दिसला की एकाने तो मोठ्याने म्हणायचा, 'डबल यलो', आणि दुसऱ्याने तेच परत म्हणायचं, 'डबल यलो'. हिरवा दिसला तरी म्हणायचं, लाल दिसला तरी. नियमच आहे तो. मी म्हटलं, दोघांच्याही डोळ्यासमोरच असतो ना सिग्नल, मग बोलायचं कशाला? तर म्हणाले, 'दुसरा जागा हाये का, हे कयाले.' झोपला नाही ना, हे कळायला.

मी बराच वेळ काही बोलले नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी दूध नासलं, ते म्हटलं तर खुर्चीतून दिसत होतं, तरी मी मोठ्याने म्हटलं, 'दूध नासलं.' आणि खुर्चीतून आवाज आला, 'दूध नासलं.' इतके हसलो आम्ही. आता आमच्या घरात ती सवयच झालीये, मुलगी म्हणते तुम्ही दोघं पोपट झालात. होऊ दे.

तुझ्या घरात बिघडलंय ते हेच, असं मला वाटतं. हाक मारणं आणि ओ देणं. मोठ्या गप्पा, डेट नाईट, सुट्टीत गोवा, ते सगळं नंतरचं. अमेरिकेत सिॲटलला जॉन गॉटमन नावाचा मानसशास्त्राचा माणूस आहे, त्याने एक फ्लॅटच प्रयोगशाळा केला, नवी जोडपी तिथे राहायला बोलवायची आणि ती दिवसभर काय बोलतात ते बघायचं. त्याने भांडणं तर मोजलीच, पण त्याचबरोबर ही बारीकसारीक हाकसुद्धा मोजली. 'बघ ना बाहेर कसलं ढग आलंय' असं एकाने म्हटलं की दुसरा मान वर करतो का. सहा वर्षांनी बघितलं तर जी जोडपी टिकली होती ती शंभरातल्या ८६ वेळा मान वर करत होती, जी मोडली ती ३३ वेळा. ढगाचं काय असतं गं, ढग दोघांनाही दिसतो.

आता मला सांग, तू शेवटची हाक कधी मारलीस? पत्रात तू त्याचा अंगठा लिहिलास पण त्याच्या आधी व्हॉट्सॲप तू केलंस. चार इंची भिंतीपलीकडे. मला माहितीये मिटींग चालू असते, दार वाजवलं की तो हात करतो आणि ते अपमानासारखं लागतं, म्हणून तू मेसेजवर गेलीस, म्हणून तो अंगठ्यावर गेला. दोष देत नाहीये. पायरी पायरीने दोघं खाली उतरलात एवढंच म्हणते. 'सगळं मीच का करायचं' असं तू आत्ता मनात म्हणालीस ना? बरोबर आहे. तू करायचं कारण पत्र तू लिहिलंस. त्याने लिहिलं असतं तर त्याला सांगितलं असतं.

आणि त्याचंही जरा बघ. पुण्याला ऑफिसात त्याला काहीतरी होतं, चहाच्या टपरीवरचे चार जण, बॉसला शिव्या घालायला एक माणूस, येता जाता कॅबमधली बडबड. इथे त्याचे शाळेतले मित्र एक दुबईला, एक रावेरला केळीच्या बागेत, एक सराफ बाजारात दुकानावर, त्यांची सकाळ होते तेव्हा हा झोपतो. तू शाळेत जातेस, स्टाफरूममधे हसतेस, पोरं तुझं डोकं खातात. त्याच्याशी दिवसभरात प्रत्यक्ष आवाजात बोलणारी तू एकटी आणि एखादा कुरियरवाला. मला तर तुझ्यापेक्षा त्याची जास्त काळजी वाटली, खरं सांगते. त्यालाही कदाचित एकटं वाटतंय, फक्त त्याला ते नाव माहीत नाही, तो त्याला 'काम जास्त आहे' म्हणतो.

आठ महिन्यांचं बोलू, टाळत नाही मी. पस्तिशी-छत्तिशीच्या माणसाची इच्छा इतके दिवस गप्प असेल तर आधी शरीर बघायचं, मग मन, मग तू, या क्रमाने. शुगर, बीपी, थायरॉईड तपासून घ्या. रात्रपाळीने झोप मोडते आणि झोप मोडली की पहिली हीच गोष्ट जाते, मी रेल्वे कॉलनीत आयुष्य काढलंय, बायका नळावर काय बोलायच्या ते मला विचार. बीपीच्या आणि डिप्रेशनच्या काही गोळ्यांनीही होतं असं, पण गोळ्या मनाने बंद करायच्या नाहीत, डॉक्टरला तोंडाने सांगायचं. चांगल्या एमबीबीएस-एमडीकडे जा, रुळाकडेच्या भिंतींवर रंगवलेल्या जाहिरातींमधल्या कुणाकडे नाही. आणि तो अंघोळीलाही कंटाळायला लागला असेल, जेवण सुटलं असेल, 'कशाला जगायचं' टाईप काही बोलत असेल तर वाट बघू नका, १४४१६ हा सरकारचा टेलि-मानसचा नंबर आहे, रात्री तीनलाही उचलतात, पैसे लागत नाहीत, मराठीत बोलतात.

पण शरीर ठीक निघालं तरी एकदम बेडरूमचा हिशोब मांडू नको. 'आठ महिने झाले' हे वाक्य कितीही हळू आवाजात म्हटलं तरी ते बिलासारखं ऐकू येतं. स्पर्श आणि 'ते' यांच्या मधे बरीच स्टेशनं आहेत आणि तुमची गाडी कुठल्याच स्टेशनावर थांबत नाहीये. तुम्ही दोघं शेवटचं स्कूटरवर कधी बसलात? आता कार असेल. कारमधे दोघांच्या मधे गिअर असतो आणि तोंडं समोर. रविवारी कार नको, स्कूटर काढा, मेहरूणला जा, बोरांचे दिवस आहेत, पाववाटी बोरं घ्या, तलावावर बसून बिया कोण लांब फेकतो ते बघा. जाताना तू मागे बस आणि खांद्यावर हात ठेव. मोबाईल धरायला नाही, पडू नये म्हणून धरतात तसा. बोरं आंबट निघाली तर मला शिव्या घाल.

आणि पाच वाजताचं. हे मला फार महत्त्वाचं वाटतं, नीट ऐक. आम्ही बायका ड्युटीवर जाणाऱ्या माणसाला दारापर्यंत सोडायचो, डबा हातात द्यायचो, काहीतरी बोलायचो, बऱ्याचदा 'दूध घेऊन या' एवढंच. तुझा नवरा रोज कामावर जातो पण हॉलमधून मागच्या खोलीत जातो, म्हणून त्याला कुणी सोडत नाही आणि रात्री दोनला आला की कुणी घेत नाही. तो जातो कधी आणि येतो कधी हे घराला कळतच नाही. तर उद्यापासून पाच वाजता त्याला ड्युटीवर सोड. त्या खोलीच्या दारापर्यंत जा, चहा दे, हात लाव, दोन वाक्यं बोल, मग दार लागू दे. त्याला वेड्यासारखं वाटेल पहिल्या दिवशी. तुलाही वाटेल. आणि शुक्रवारी रात्री दोनचा गजर लाव, शनिवारी शाळेला सुट्टी असेल तर, नसेल तर महिन्यातून एकदाच लाव. उठ, अर्धा कप चहा टाक. आला का, आलो. बस. जेवायचा मेसेज मात्र बंद. दार उघड, दोन बोटं दाखव, जेवायला दोन मिनिटं, आणि तो डोळ्यांनी हो म्हणेपर्यंत उभी राहा.

दुपारी तू साडेबाराला येतेस, तो उठलेला असतो, पाचपर्यंत तुमच्याकडे चार-साडेचार तास आहेत, हे पुण्यातल्या किती जोडप्यांना मिळतं सांग! ते जातात कुठे, मी सांगते, तू वह्या तपासतेस आणि तो रील बघतो. एक दिवस वांगी आण, ती हिरवी मोठी भरताची, सध्या ढिगाने आहेत. गॅसवर भाजायची नाहीत. गावाकडून पऱ्हाट्या, कापसाच्या वाळलेल्या काड्या, मागव, गच्चीवर चार विटा मांड आणि भाजायला त्याला बसव. वांगं भाजताना माणसाला मोबाईल धरता येत नाही, सारखं फिरवावं लागतं, डोळ्यात धूर जातो, सालं काढताना बोटं भाजतात आणि मग आपोआप 'अगं पाणी दे' निघतं तोंडातून. बडगी, ती लाकडाची उखळी, असेल तर तिच्यात कुटा, मिरची त्याच्यातच, वरून कांद्याची पात. ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी कर. इतकं करून तो खाऊन गप्प उठला तर मला लिही, मी स्वतः येते.

आता तुझा नाशिकवाला. चुकीचं आहे का विचारलंस. मी पाप-बिप मानत नाही यात, तो माणूस चांगलाही असेल. पण तूच लिहिलंयस, तो फक्त विचारतो आज काय केलंस. तुला तो माणूस नकोय गं, तुला तो प्रश्न हवाय. अडचण अशी की शाळेत एखाद्या पोराने काहीतरी मजेशीर उत्तर लिहिलं की ते तू दिवसभर सांभाळून ठेवतेस आणि रात्री साडेदहाला नाशिकला पाठवतेस, मग दुपारी जेवताना नवऱ्याला द्यायला तुझ्याकडे काही उरत नाही, फक्त 'गॅस संपत आलाय' उरतं. दिवसाची पहिली बातमी ज्याला जाते त्याच्याकडे माणूस सरकत जातो, ठरवून नाही, रोज थोडं थोडं. तेव्हा ब्लॉक वगैरे नाटक करू नको. रात्रीचं बंद कर, सरळ लिही की आता दिवसा बोलू, आणि दिवसभराची बातमी आधी घरात दे. पंधरा दिवसांनी तुला स्वतःलाच कळेल की दिवसाउजेडी त्याच्याशी बोलण्यासारखं किती होतं.

आणि सगळं नवऱ्यावर टाकू नको. तुझं माहेर शिरपूरकडचं दिसतंय, पाकिटावर शिक्का होता. आखाजीला, अक्षय्य तृतीयेला गं, शेवटची कधी गेलीस? 'हे घरी असतात, जेवणाचं कसं होईल' म्हणून गेली नसशील. जा. चोपड्यावरून एसटीने, झोका बांधलेला असेल कुणाच्यातरी दारात, चार मैत्रिणी आल्या असतील, त्यांच्याबरोबर सासरच्यांना नावं ठेव पोटभर. श्रावणात कानबाईच्या सणाला भाऊबंदांकडे प्रसादाचे रोट खायला दोघं जा, तो 'शिफ्ट आहे' म्हणेल, कानबाई रविवारी असते म्हणावं, अमेरिकेलाही सुट्टी. एका माणसाने नवरा, मैत्रीण, बहीण, नळावरची बाई सगळं व्हायचं म्हटलं तर तो हेडफोनच घालणार.

हे सगळं दीड-दोन महिने करून बघ. नाहीच हललं काही तर मग शांत दुपारी, भांडण नसताना, सांग की मला या घरात एकटं वाटतं. 'तुम्ही बोलतच नाही' असं नको, त्यावर तो वकिली करेल. मला एकटं वाटतं, एवढंच, यावर कुणाला वाद घालता येत नाही. आणि समुपदेशकाकडे दोघांनी जाऊ म्हण, ऑनलाईनही होतं, त्याला स्क्रीनच सोयीची पडेल.

शेवटचं, पत्र दाखवू का. दाखव. अंगठ्याचं वाचून त्याला हसू येईल किंवा राग येईल, काहीही आलं तरी ती ओ आहे. पण नाशिकचं त्याला माझ्या कॉलममधून कळू देऊ नको, ते तू आधी तोंडाने सांग, आणि मगच हे हातात दे. तो हात उचलणारा असता तर मी वेगळं सांगितलं असतं, तेव्हा आधी १८१ ला, बायकांच्या हेल्पलाईनला, फोन करायचा असतो. तू म्हणतेस तसा नाही तो. त्याला सांग मी विचारलंय, वांगी गच्चीवर भाजली का गॅसवर.